अपील दाखल आहे, तरी खातं गोठवलं. वसुली थांबवायची कशी?

माळरान (१४ ऑक्टोबर २०२४)

मंडळी, जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

माझा मामेभाऊ तासगाव तालुक्यातला. तो, मामा आणि थोरला भाऊ अशी तिघांची मिळून नऊ एकर द्राक्षबाग, बराचसा माल बेदाण्याला जातो. याने आयुष्यात कधी रिटर्न भरलं नाही. "शेतीला टॅक्स नसतो" हे त्यालाही पाठ आणि गावालाही. २०१८-१९ मध्ये तिघांच्या मालाचे मिळून २२ लाख रोख याच्याच बचत खात्यात भरले गेले, कारण तालुक्याच्या गावी जाणारा हाच.

पॅनकार्ड काढून देणाऱ्या पोऱ्याने अर्जात स्वतःचा ईमेल टाकला होता. सगळ्या नोटिसा तिकडे गेल्या. मार्च २०२४ मध्ये एकतर्फी आदेश झाला: २२ लाख ही स्पष्टीकरण नसलेली रोकड. मागणी जवळजवळ ३७ लाखांची. आम्हाला कळलं जुलैत. ऑगस्टमध्ये सांगलीच्या सीएंनी अपील दाखल केलं आणि आम्ही निश्चिंत झालो, की आता निकाल लागेपर्यंत कुणी हात लावणार नाही.

गेल्या शनिवारी बागेत फळछाटणीची टोळी होती. छाटणीमागोमाग पेस्ट लावावी लागते, त्यामुळे मजुरी थांबवता येत नाही. हा एटीएमला गेला, पासबुकावर १ लाख ८६ हजार आणि मशीन म्हणतं शिल्लक अपुरी. परत कार्ड घातलं, परत तेच. मागे रांगेत टोळीचा मुकादमच उभा. सोमवारी शाखेत मॅनेजरने प्राप्तिकर खात्याची नोटीस दाखवली, कलम २२६(३), म्हणजे थकबाकी थेट बँकेकडून वसूल करायची. मामीसोबतचं जॉइंट खातंही धरलंय.

प्रश्न एवढाच: अपील केल्यावर वसुली थांबत नाही का? कोणी म्हणतं सरळ हायकोर्टात जा. कोणी म्हणतं २० टक्के भरल्याशिवाय सुटका नाही. २० टक्के म्हणजे ७ लाख ३८ हजार. ते असते तर मी हा धागा काढला नसता.

ठोंब्या

भरले २२ आणि मागतात ३७? हा कर आहे की सावकारी?

आकडेमोड_काका

ठोंब्या, गणित बरोबर आहे, दुर्दैवाने. अशा रोकडीवर ६० टक्के कर. त्या करावर २५ टक्के अधिभार, म्हणजे ७५. त्यावर ४ टक्के उपकर, म्हणजे ७८. २२ लाखांचे ७८ टक्के झाले १७ लाख १६ हजार. पुढे रिटर्न न भरल्याचं व्याज महिन्याला १ टक्का, अॅडव्हान्स टॅक्स न भरल्याचं आणखी १ टक्का. पहिल्याचे ५५ महिने, दुसऱ्याचे ६० धरा, १९ लाख ७३ हजार. बेरीज ३६ लाख ८९ हजार.

सावकार निदान दारात येऊन सांगायचा हो, असल्या-नसल्या ईमेलवर नाही.

वकिलीणबाई

माळरानताई, नियमाचं आधी सांगते. प्राप्तिकरात नुसतं अपील दाखल केल्याने वसुली थांबत नाही. अपील हा एक कागद, स्थगितीचा अर्ज हा वेगळा कागद. तुमच्या सीएंनी दुसरा दिलाय का, हे आज रात्रीच विचारा.

अर्ज जातो कलम २२०(६) खाली, करनिर्धारण अधिकाऱ्याकडे. त्याला अधिकार आहे की अपील चालू असेपर्यंत वादातल्या रकमेपुरतं तुम्हाला थकबाकीदार समजायचं नाही. आणि इथे एक गंमत आहे. आदेश काढला दिल्लीच्या चेहराविहीन (फेसलेस, म्हणजे समोरासमोर न भेटता ऑनलाइन काम करणाऱ्या) केंद्राने, अपील ऐकणार तेही चेहराविहीन, पण वसुली करणारा आणि स्थगिती देणारा माणूस मात्र तुमच्याच भागातल्या ऑफिसात, खुर्चीवर बसलेला. पोर्टलवर थकीत मागणीला "असहमत, अपील दाखल" असं उत्तर टाकाच, पण तेवढ्यावर थांबू नका. अर्ज कागदावर नेऊन द्या आणि पोच घ्या.

२० टक्क्यांचं म्हणाल तर तो कायदा नाही. कायद्यात टक्का लिहिलेलाच नाही. २९ फेब्रुवारी २०१६ च्या परिपत्रकात केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाने १५ टक्के सांगितले, ३१ जुलै २०१७ ला त्याचे २० केले. ही खात्याची आपल्या अधिकाऱ्यांना दिलेली सूचना. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात स्पष्ट केलं की प्रकरण पाहून अधिकारी त्याहून कमीवरही स्थगिती देऊ शकतो. "साहेब, वरून वीसचंच आहे" असं कोणी म्हणालं तर तो निकाल अर्जाला जोडा.

अधिकाऱ्याने नाकारलं तर त्याच परिपत्रकाप्रमाणे प्रधान आयुक्तांकडे फेरविचार मागता येतो. दोन्ही पायऱ्यांना दोन-दोन आठवड्यांची मुदत दिली आहे. ती पाळली जाते असं मी म्हणणार नाही.

बेरकी

थोडक्यात, अपील म्हणजे देवाला नवस आणि स्थगिती म्हणजे पुजाऱ्याला दक्षिणा.

वकिलीणबाई

@बेरकी, पोच मिळणारी दक्षिणा.

निवृत्त_बाबू

मी खात्यात ३१ वर्षं काढली, तेव्हा शिव्या खायची तयारी ठेवून लिहितो.

सगळ्यांना वाटतं, अधिकारी मुद्दाम छळतो. एक बघा. अपिलं वर्षानुवर्षं पडून राहतात. प्रत्येकाला आपोआप स्थगिती दिली तर कर बुडवणाऱ्याला याहून स्वस्त कर्ज कुठे मिळेल? सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये डनलॉप इंडियाच्या निकालात हेच बजावलं होतं: प्रथमदर्शनी बाजू बरी दिसते म्हणून महसूल अडवायचा नसतो, सार्वजनिक हितही तोलायचं असतं.

आता दुसरी बाजू. माझ्या टेबलावर येणारे स्थगितीचे दहातले आठ अर्ज दोन ओळींचे असायचे. "अपील केले आहे, तरी मागणी स्थगित करावी ही विनंती." खाली सही. यावर मी काय लिहिणार? अर्जात तीन गोष्टी हव्यात. एक, आदेश कुठे चुकला ते आणि त्याचे पुरावे. दोन, पैसे आता भरले तर नेमकं काय कोसळेल, आकड्यांसह: खात्यांचे उतारे, सोसायटीचं पीककर्ज, घरात कमावते किती. तीन, स्थगिती दिली तर सरकारचे पैसे बुडणार नाहीत याची खात्री. सातबाऱ्यावरची नऊ एकर ही तर उत्तम खात्री आहे, ती लपवू नका, दाखवा. लोक उलटं करतात.

रात्रपाळी

बाबूसाहेब, सगळं मान्य. पण ज्याला नोटीसच पोचली नाही, त्याचं खातं धरण्याआधी एक फोन करायला काय होतं?

निवृत्त_बाबू

काही होत नाही. करायला हवा. मार्च जवळ आला की टार्गेट असतं, आणि टार्गेट आलं की फोन विसरतो. हेही लिहितो, म्हणजे शिव्या समान वाटल्या जातील.

गोमंतकी

आमच्या पतसंस्थेची गोष्ट. सहकारी संस्थांना मिळणारी कलम ८०पी ची वजावट नाकारली, पहिल्या अपिलात हरलो, मग पणजीच्या प्राप्तिकर न्यायाधिकरणात गेलो. तिथे स्थगितीचा वेगळा अर्ज, फी फक्त ५०० रुपये. माझं वर्तमानपत्र वाचून होण्याआधी सुनावणी आटोपली. स्थगिती १८० दिवसांची, पुढे वाढवून मिळते, एकूण ३६५ दिवसांपर्यंत. २०२० पासून न्यायाधिकरणातही २० टक्के भरा किंवा तेवढं तारण द्या अशी अट कायद्यातच आली, तेव्हा तिथे वकिलीणबाईंचं "कायद्यात टक्का नाही" चालत नाही.

आधी तर कायदा असा होता की ३६५ दिवस झाले की उशीर तुमच्यामुळे नसला तरी स्थगिती आपोआप संपणार. म्हणजे खंडपीठ बसलं नाही तरी दोष आमचा! पेप्सी फूड्सच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये ते मोडीत काढलं. उशीर करदात्यामुळे नसेल तर स्थगिती पुढे चालू राहू शकते.

वकिलीणबाई

@गोमंतकी, बरोबर, मी पहिल्या अपिलापुरतं बोलत होते. आणि न्यायाधिकरणाला हा अधिकार मुळात कायद्यात लिहिलेलाही नव्हता. १९६८ मध्ये मोहम्मद कुन्ही प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की ज्याला अपील ऐकायचा अधिकार आहे, त्याला ते अपील निष्फळ होऊ न देण्याचाही अधिकार ओघाने येतो. सगळी इमारत त्या पायावर उभी आहे.

कापडवाला

मी जीएसटीतला. आमच्याकडे बरंय बुवा. पहिल्या अपिलाला वादातल्या कराचे १० टक्के भरले की उरलेली वसुली आपोआप थांबते, कुणाच्या पाया पडायला नको. घोळ पुढच्या पायरीचा. कायदा २०१७ चा आणि न्यायाधिकरण अजून बसतंय, त्यामुळे पहिल्या अपिलात हरलेल्यांना वसुलीची भीती. यंदा जुलैत परिपत्रक आलं की पुढची रक्कम भरा, न्यायाधिकरण सुरू झाल्यावर अपील करू असं हमीपत्र द्या, वसुली थांबेल. नसलेल्या कोर्टात जाईन अशी हमी मी सही करून दिली आहे. फ्रेम करून लावणार होतो.

न्यूजर्सीकर_आजी

इकडे अमेरिकेत उलटं असतं गं. खात्याची कर कमी भरल्याची नोटीस आली की ९० दिवसांत टॅक्स कोर्टात अर्ज करायचा, मग निकाल लागेपर्यंत त्यांना तो कर वसूल करता येत नाही, आणि आधी पैसेही भरावे लागत नाहीत. आमच्या यजमानांनी केला होता २०११ मध्ये. ९० दिवस चुकले की मात्र आधी भरा, मग भांडा.

ठोंब्या

आणि आमच्या महापालिकेत घरपट्टीचं अपील करायचं तर आधी मागितलेली रक्कम जमा करा, मगच अपील ऐकणार. आजी, तुमच्याकडे एक खोली रिकामी आहे का?

साखरसम्राट_नव्हे

सांगली जिल्हा, बेदाणा आणि प्राप्तिकर म्हटल्यावर आमच्या कारखान्याची आठवण न येणं अशक्य. मी लेखा विभागात होतो. किमान दरापेक्षा सभासदाला उसाचे जास्त पैसे दिले तर तो खर्च नाही, नफ्याची वाटणी, असं खात्याचं म्हणणं. राज्यभरच्या सहकारी कारखान्यांना कोट्यवधीच्या मागण्या. वीस-वीस वर्षं अपिलं चालली. दर वर्षी माझं मुख्य काम म्हणजे स्थगितीच्या अर्जाची मुदतवाढ. तारीख बदलायची, वर्ष बदलायचं, बाकी मजकूर तोच. एका साली वर्ष बदलायचं राहिलं, तरी मुदतवाढ मिळाली. २०१९ ला तासगाव कारखान्याच्याच नावावरचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला, मग २०२३ च्या अर्थसंकल्पात जुन्या वर्षांचा दिलासा, अंदाजे १० हजार कोटींचा. तोवर आमचे दोन चेअरमन वारले.

सांगायचं हे की स्थगितीवर माणूस वीस वर्षं तग धरू शकतो. फक्त व्याज विसरू नका. स्थगिती असली तरी मागणीवर महिन्याला १ टक्का व्याज चढतच राहतं. हरलात तर सगळं एकदम.

बेरकी

आणि जिंकलो तर भरलेल्या २० टक्क्यांवर ते किती देतात?

आकडेमोड_काका

महिन्याला अर्धा टक्का. घेताना एक, देताना अर्धा. दुकानदाराने असा तराजू ठेवला तर वजनमापवाले उचलून नेतील.

अप्पा

व्होडाफोनला बघा की. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने २५०० कोटी भरायला आणि ८५०० कोटींची बँक गॅरंटी द्यायला लावली. जानेवारी २०१२ ला कंपनी जिंकली, २५०० कोटी ४ टक्के व्याजाने परत. मोठ्यांनाही फुकट स्थगिती मिळत नाही.

झुंजार_७७

मोठ्यांचं सोडा. यंदा निवडणुकीच्या तोंडावर विरोधी पक्षाची खाती कशी...

संपादक

झुंजार, त्या पक्षाचा स्थगितीचा अर्ज न्यायाधिकरणाने मार्चमध्ये फेटाळला, एप्रिलमध्ये खात्याने सर्वोच्च न्यायालयात निवडणूक होईपर्यंत सक्तीची कारवाई न करण्याचं सांगितलं, हे सगळ्यांनी पेपरात वाचलंय. त्यापुढचं राजकारणाच्या दालनात. उरलेला प्रतिसाद उडवला आहे.

सीए_पण_माणूस

उशिरा आलो. सगळे स्थगितीच्या मागे लागलेत, पण मुळात अपीलच दाखल करून घेतलं जाईल का, हे कुणी पाहिलं नाही.

पहिलं: आदेश मार्चचा, अपील ऑगस्टचं. मुदत ३० दिवसांची. उशीर माफ करण्याचा अर्ज जोडला आहे का? ईमेल त्या पोऱ्याचा होता, तर त्याचं प्रतिज्ञापत्र घ्या. तोच तुमचा सगळ्यात महत्त्वाचा साक्षीदार आहे, त्याच्यावर ओरडू नका.

दुसरं, आणि हे बहुतेकांच्या नजरेतून सुटतं: कलम २४९(४). ज्याने रिटर्नच भरलेलं नाही, त्याने जेवढा अॅडव्हान्स टॅक्स देय होता तेवढी रक्कम भरल्याशिवाय अपील दाखल करून घेत नाहीत. सबळ कारण दाखवलं तर आयुक्त अपील सूट देऊ शकतात, पण मागितली तर. तुमच्या भावाचं म्हणणं असं की उत्पन्न फक्त शेतीचं, म्हणून अॅडव्हान्स टॅक्स शून्य. मग अपिलाच्या फॉर्ममध्ये तसं ठसठशीत लिहिलेलं हवं आणि सोबत सूट मागायची ती वेगळी. तो रकाना कोरा सोडला असेल तर अपील दारातच पडेल, आणि अपील पडलं की स्थगिती कशावर उभी राहणार?

तिसरं: पुरावे. सातबाऱ्यावर २०१८-१९ ची द्राक्षाची पीकपाहणी, कोल्ड स्टोरेजच्या पावत्या, अडत्याच्या पट्ट्या, मामा आणि थोरल्याची प्रतिज्ञापत्रं की यातले अमुक आमचे. एक जपून: बेदाणा स्वतःच्या बागेचाच होता ना? दुसऱ्याची द्राक्षं विकत घेऊन बेदाणा केला असेल तर तेवढा धंदा झाला, शेती नाही.

माळरान

@सीए_पण_माणूस, तुमचा प्रतिसाद वाचून पोटात गोळा आला. फॉर्म काढून बघितला. तो रकाना कोरा आहे. उशीर माफीचा अर्ज आहे, एका परिच्छेदाचा. स्थगितीचा अर्ज नाही. सीएंना विचारलं तर म्हणाले, "अपील केलं की बस, ते काही करत नाहीत."

एका वर्षी शेजारच्याची थोडी द्राक्षं घेतली होती, पण ते वर्ष कोणतं यावर घरात तीन मतं आहेत.

वकिलीणबाई

वर्ष ठरेपर्यंत प्रतिज्ञापत्रावर सही करू देऊ नका.

आणि खातं नुसतं गोठलंय की पैसे उचललेत, हे बँकेकडून लेखी घ्या. फरक मोठा आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २०१२ मध्ये यूटीआय म्युच्युअल फंडाच्या प्रकरणात घालून दिलंय की अपिलाची मुदत संपेपर्यंत आणि स्थगितीचा अर्ज असल्यास तो निकाली निघेपर्यंत सहसा वसुली करू नये, आणि जप्त खात्यातून पैसे उचलण्याआधी करदात्याला वाजवी पूर्वसूचना द्यावी. त्याआधी २००१ च्या केईसी इंटरनॅशनल निकालात, स्थगिती नाकारायची तर कारणं लिहा, असं सांगितलंय. तुमची अडचण अशी की अर्जच दिलेला नव्हता, त्यामुळे त्यातला निम्मा आधार आज तुम्हाला नाही. उद्या सकाळी अर्ज दिला की येईल. जॉइंट खात्याचं: उलट सिद्ध होईपर्यंत वाटे समान धरतात. मामीने आपल्या निम्म्यासाठी स्वतंत्र अर्ज करावा.

हायकोर्टाचं शेवटी सांगते, कारण ते शेवटीच असतं. अनुच्छेद २२६ खाली रिट करता येतं. पण अधिकारी आणि प्रधान आयुक्त या पायऱ्या न चढता गेलात तर न्यायमूर्तींचा पहिला प्रश्न तोच असेल. बहुतेक वेळा कोर्ट रक्कम माफ वगैरे करत नाही. "अर्जावर सकारण आदेश द्या, तोवर सक्तीची कारवाई नको" एवढं मिळतं. कधीकधी एवढंच हवं असतं.

चिंगी

काहीही कळलं नाही, पण धागा साठवून ठेवलाय. नवऱ्याचं ईमेल तपासायला घेते.

बेरकी

@चिंगी, भलत्याच कारणासाठी संसार मोडू नका.

माळरान (२ डिसेंबर २०२५)

धागा वर काढतेय, अनेकांनी व्यनि (खाजगी निरोप) करून विचारलं म्हणून.

अर्ज दिला, अकरा पानी, बाबूसाहेबांच्या तीन मुद्द्यांप्रमाणे. सातबारे, पट्ट्या, पीककर्जाचा दाखला सगळं जोडलं. अधिकाऱ्याने एका ओळीत २० टक्के भरा म्हटलं. मग प्रधान आयुक्त. तिथे सुनावणीला भाऊ स्वतः गेला, सोबत १९६९ ची एक जुनी सूचना होती, क्रमांक ९६, वकिलांनी शोधून दिलेली: दाखवलेल्या उत्पन्नाच्या दुप्पट किंवा जास्त आकारणी असेल तर अपिलाच्या निकालापर्यंत वसुली थोपवावी. साहेब म्हणाले, तुम्ही तर उत्पन्न दाखवलेलंच नाही, दुप्पट कशाची? त्यावर भावाकडे उत्तर नव्हतं. पण कोल्ड स्टोरेजच्या पावत्या त्यांनी एकेक करून पाहिल्या. दीड लाख, सहा हप्त्यांत, आणि पुढे कधी परतावा निघाला तर तो वळता करून घेणार या अटीवर स्थगिती मिळाली. खातं सुटायला त्यानंतर आणखी तीन आठवडे लागले, कारण खात्याचं पत्र बँकेच्या दुसऱ्याच शाखेत गेलं होतं.

मजुरी त्या वेळी मुकादमानेच उधार ठेवली होती. शेजारच्या द्राक्षांचं वर्ष २०१६ निघालं, मामीच्या वहीत सापडलं.

अपिलाची अजून एकही तारीख लागलेली नाही.

साखरसम्राट_नव्हे

तारीख नाही म्हणजे अजून एकच वर्ष झालंय. बाय द वे, ऑगस्टपासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालंय, रिटची वेळ आलीच तर आता मुंबई गाठायला नको. सकाळच्या एसटीने जाऊन जेवायला घरी.

कापडवाला

माझं नसलेलं कोर्ट सप्टेंबरात सुरू झालं एकदाचं. फ्रेम उतरवली.

पाटलीणबाई_मिरज

नमस्कार, नवीन सभासद आहे. सासऱ्यांना अशीच नोटीस आली आहे, अपील दोन महिन्यांपूर्वी केलं आहे. आता काही करायची गरज नाही ना?

ठोंब्या

ताई, बसा. पाणी घ्या. आणि वरपासून वाचायला लागा.